कुणी पाठवलं?

व्यावसायिकांच्या सकाळच्या बैठकांत एक छोटा कागद या हातातून त्या हातात जातो. रेफरल स्लिप. आयव्हन मिझनर यांनी १९८५ मध्ये कॅलिफोर्नियात बीएनआय ही संस्था सुरू केली आणि तिच्यामुळे ही पद्धत जगभर पोचली. ठाणे, पुणे, नाशिक इथेही असे गट आता चांगले रुळले आहेत. आठवड्यातली एक सकाळ ठरलेली. एका गटात एका व्यवसायाचा एकच माणूस. नाश्ता होतो, प्रत्येक जण आपल्या कामाविषयी थोडं बोलतो, आणि मग जो तो दुसऱ्यासाठी आणलेलं नाव पुढे करतो.

स्लिपवर ग्राहकाचं नाव असतं, फोन नंबर असतो, काम काय आहे ते असतं. आणि दोन चौकटी असतात. तुमचं कार्ड दिलं आहे, ही एक. तुम्ही फोन कराल असं सांगितलं आहे, ही दुसरी. शेजारी एक ते पाच आकडे, समोरचा माणूस कितपत तयार आहे ते सांगायला. आता हे सगळं फोनवरच भरतात. पण त्या दोन चौकटी मनात राहून गेल्या आहेत.

पहिलीत एक कार्ड या खिशातून त्या खिशात गेलेलं असतं. दुसरीत दोन माणसं बोललेली असतात. त्या बोलण्यात तिथे नसलेल्या तिसऱ्याचं नाव निघालेलं असतं, आणि कुणीतरी त्याच्या वतीने थोडासा शब्द देऊन ठेवलेला असतो. आपण तेव्हा कुठेतरी साइटवर असतो. आपल्याला पत्ताही नसतो.

मी ठाणे-डोंबिवलीकडच्या जुन्या इमारतींच्या दुरुस्तीचं काम करते. गळती, प्लास्टरचे पोपडे, गंजलेल्या सळ्या, झुकलेले छज्जे. या कामाची जाहिरात करता येते, पण जाहिरात बघून कुणी आपला स्लॅब दुसऱ्याच्या हाती देत नाही. लोक विचारतात. रंगाच्या दुकानदाराला, आर्किटेक्टला, सोसायटीचे हिशेब लिहिणाऱ्याला, रोजच्या प्लंबरला. ही माणसं ज्याचं नाव घेतील त्याला बोलावतात. आमचं पोट या मंडळींच्या जिभेवर आहे, असं म्हटलं तरी चालेल.

म्हणून त्यांच्याकडून येणारी नावं चांगली असावीत, असं वाटतं. चांगली म्हणजे कशी, हे मात्र नीट पाहिल्याशिवाय कळत नाही.

बहुतेक वेळा निरोप असा येतो. ‘मॅडम, एक नंबर पाठवतोय. वॉटरप्रूफिंगचं आहे.’ एवढंच. फोन करावा तर पलीकडचे गृहस्थ म्हणतात, ‘कोण बोलतंय? हां हां. बघू, पावसाळ्याआधी बघू.’ किंवा बोलावतात. गच्चीवर नेतात, पाण्याची टाकी दाखवतात, डक्टमध्ये वाकून दाखवतात. तास-दीड तास जातो. मग कळतं की सोसायटीच्या सभेत अजून विषयच निघालेला नाही. सेक्रेटरींना तीन कोटेशन फाइलला लावून ठेवायची आहेत. यात त्यांचं काही चुकलेलं नसतं. कुणी तरी नंबर दिला, त्यांनी बोलावलं. चूक शोधायला गेलं तर कुणाचीच सापडत नाही. वेळ मात्र दोघांचाही गेलेला असतो.

आणि कधी तरी असा निरोप येतो. ‘इमारत १९९४ सालची, चार मजली. गच्चीचं काम एकदा करून झालंय, टिकलं नाही, म्हणून लोक वैतागलेत. सर्वसाधारण सभेत ठराव झालाय. सिंकिंग फंडात पैसे आहेत, पण सगळ्याला पुरतील असं वाटत नाही. खजिनदार काकू खूप प्रश्न विचारतील. त्यांना उत्तरं द्या. त्यांना पटलं की सगळ्यांना पटतं.’

हा निरोप वाचायला मिनिटही लागत नाही. तो लिहायच्या आधी मात्र कुणी तरी त्या लोकांसमोर बसलेलं असतं. आधीचं काम टिकलं नाही याचा राग त्याने ऐकून घेतलेला असतो. काकूंचे प्रश्न त्याला कंटाळवाणे वाटलेले नसतात. मी त्या इमारतीत पाऊल टाकते तेव्हा माझं निम्मं काम दुसऱ्याने करून ठेवलेलं असतं, आणि त्याचं बिल तो कुणालाच लावत नाही.

जुन्या व्यापारात या गोष्टीला कागदावर जागा होती. एका गावचा सावकार दुसऱ्या गावच्या पेढीवर हुंडी लिही. ती घेऊन माणूस तिकडे जाई. पण पेढीने हुंडी नाकारली तर? परक्या गावात त्याने जायचं कुठे? त्यासाठी हुंडीबरोबर कधी कधी आणखी एक चिठ्ठी दिली जाई. तिला जिकरी चिठ्ठी म्हणत. ती त्याच गावातल्या दुसऱ्या एखाद्या प्रतिष्ठित माणसाच्या नावे असे. हुंडी परत आली तर आमची पत राखण्यासाठी तुम्ही हे पैसे द्यावेत, असा तिचा आशय. देशी भाषांतल्या हुंड्यांच्या या रूढी इतक्या पक्क्या होत्या की १८८१ चा परक्राम्य संलेखांचा कायदा आला तेव्हाही त्याने त्यांना तसंच राहू दिलं.

मला त्या चिठ्ठीतली काळजी आवडते. पाठवणाऱ्याने माणसाला नुसता रस्ता दाखवला नाही. रस्ता पुढे अडला तर काय, याचाही विचार करून ठेवला. आणि तो विचार करताना स्वतःची पत मध्ये घातली. चिठ्ठी वाया गेली असती तर पैसे एकाचे अडकले असते आणि नाव दुसऱ्याचं गेलं असतं.

बँकेच्या जुन्या अर्जातही याची एक खूण होती. खातं उघडायला ओळख देणारा खातेदार लागे. त्याचा खाते क्रमांक, त्याची सही, आणि अर्जदाराला तो किती वर्षांपासून ओळखतो, हे लिहावं लागे. पुढे केवायसीची कागदपत्रं आली आणि या सहीची गरज उरली नाही. ते बरंच झालं. ज्याच्या ओळखीचं कुणी नाही त्यालाही आता खातं उघडता येतं. पण किती वर्षांपासून ओळखता, हा प्रश्न फार सरळ होता. तो विचारला की माणूस सही करण्याआधी क्षणभर थांबत असे.

ओळखीने आलेला ग्राहक वेगळा असतो का? व्यवसायातली माणसं हो म्हणतील. त्याचा हिशेबही कुणी मांडून पाहिला आहे. फिलिप श्मिट, बर्न्ड स्किएरा आणि क्रिस्टॉफ व्हॅन डेन बुल्टे या तिघांनी एका जर्मन बँकेच्या जवळजवळ दहा हजार ग्राहकांचा जवळजवळ तीन वर्षांचा व्यवहार तपासला. २०११ मध्ये तो अभ्यास प्रसिद्ध झाला. जुन्या ग्राहकाने आणलेले लोक बँकेला निदान १६ टक्के अधिक मोलाचे ठरले, आणि बँक सोडून जाण्याचं प्रमाण त्यांच्यात सुमारे १८ टक्क्यांनी कमी होतं. त्यातली एक बारीक गोष्ट मला जास्त विचार करायला लावते. या ग्राहकांपासून सुरुवातीला जो जास्तीचा नफा होत होता, तो हळूहळू इतरांच्या पातळीवर आला. टिकून राहण्यातला फरक मात्र तसाच राहिला.

नफ्याचा फरक का विरला असेल? मला वाटतं, सुरुवातीला आणणाऱ्याला दोन्ही बाजू माहीत असतात. बँकेला कसा माणूस हवा आणि माणसाला कशी बँक हवी, हे त्याला बँकेपेक्षा आधी कळतं. पुढे बँकही त्या माणसाला ओळखू लागते, इतरांनाही ओळखू लागते, आणि हे जास्तीचं ज्ञान संपतं. नातं संपत नाही. आणणारा त्याच शहरात असतो, सणाला भेटतो.

मग पाठवणाऱ्याला दोन्ही बाजू कळाव्यात म्हणून मी काय करते, हा प्रश्न माझ्याकडे येतो. रेफरल चांगले मिळत नाहीत अशी तक्रार करणाऱ्यांनी आधी इथे थांबावं, असं मला मनापासून वाटतं. आपण काय करतो हे आपण सगळ्यांना सांगत सुटतो. आपल्याकडे कुणाला पाठवू नये, हे फार थोड्यांना सांगतो.

डोंबिवलीतल्या एका रंगाच्या दुकानदारांची गोष्ट सांगते. त्यांच्याकडे रोज कुणी ना कुणी येतं. भिंतीचा रंग फुगला, ओल येते, चांगला प्रायमर द्या. ते सज्जन आहेत, प्रायमर विकून मोकळे होत नाहीत. म्हणायचे, आधी ओल थांबवा, आणि माझा नंबर द्यायचे. एकदा त्यांनी एक बाई पाठवल्या. शयनगृहाच्या भिंतीला जमिनीपासून दोन फूट ओल होती. मी बघितलं, पलीकडे न्हाणीघर. नळाखालच्या टाइल्सचे सांधे उघडे पडलेले, आणि नहाणी ट्रॅपच्या कडेने पाणी मुरत होतं. त्यांना माझी गरज नव्हती. चांगला प्लंबर हवा होता. एका दिवसाचं काम. मी प्लंबरचा नंबर दिला, त्यालाही फोन करून सगळं सांगितलं, आणि परत जाताना दुकानात थांबले.

दुकानदारांना म्हटलं, कुणी ओल आली म्हणून सांगितलं की एकच विचारत जा. ओल पावसाळ्यातच येते, की बारा महिने असते? पावसाळ्यातच येत असेल तर पाणी बाहेरून येतंय. गच्ची, बाहेरची भिंत, खिडकीचा सज्जा. बारा महिने असेल तर बहुतेक पाणी घरातलंच आहे. नळ, पाइप, न्हाणीघर, वरच्या मजल्याचं स्वयंपाकघर. हा काही पक्का नियम नाही, पण पहिलं पाऊल कुठे टाकायचं ते यातून कळतं.

त्यांनी तो प्रश्न असा उचलला की आता मला त्यांचं कौतुक वाटतं. गिऱ्हाईक काउंटरवर आलं की रंगाचं शेडकार्ड उघडण्याआधी ते हे विचारतात. लोक विचारात पडतात. घरी फोन लावतात. ‘अगं, ती ओल मे महिन्यात होती का?’ त्यांच्याकडून माझ्याकडे येणारी नावं त्यानंतर कमी झाली. जी येतात ती माझ्या कामाची असतात. बाकीची प्लंबरकडे जातात आणि त्यांचं काम स्वस्तात होतं. दुकानदारांचं नाव दोन्हीकडे चांगलं होतं. मी त्यांना फक्त एक प्रश्न दिला होता. त्याचं सोनं त्यांनी केलं.

प्रत्येक व्यवसायात असा एखादा प्रश्न असतोच. वर्षानुवर्षं काम केल्यावर तो आपल्याला इतका सवयीचा होतो की तो दुसऱ्याला ठाऊक नसेल, हे लक्षातच येत नाही. वकिलांकडे असेल. कर सल्लागारांकडे असेल. विमा देणाऱ्यांकडे तर नक्की असेल. तो सोबत्यांच्या हाती देणं म्हणजे आपल्या विद्येतला लहानसा वाटा देणं. काही जणांना भीती वाटते की मग लोक आपल्याकडे येणारच नाहीत. ज्यांचं काम एका प्रश्नाने भागतं, ते आपल्याकडे आले तरी समाधानाने परत जात नाहीत.

टक्क्याचाही विचार केला पाहिजे, कारण तो सगळीकडे आहे. नाव द्या, काम झालं की इतके टक्के. आमच्याही धंद्यात ते चालतं आणि लोक त्याला रीत म्हणतात. सनदी लेखापालांच्या १९४९ च्या कायद्याने आपल्या फीमधला असा वाटा बाहेरच्या माणसाला द्यायला मनाई केली. डॉक्टरांच्या २००२ च्या आचारसंहितेनेही रुग्ण पाठवण्याबद्दल कमिशन देणं-घेणं निषिद्ध ठरवलं. तरी कट प्रॅक्टिस हा शब्द घराघरात माहीत आहे. त्या जर्मन बँकेनेही माणूस आणणाऱ्याला २५ युरो दिले होते, हे खरं. पण ती रक्कम ठरलेली होती. आणलेला माणूस बँकेत किती पैसे ठेवतो, यावर ती वाढत नव्हती. फरक तिथे आहे. टक्का ठरला की पाठवणाऱ्याची नजर माणसावरून रकमेवर जाते. त्याला मोठं काम दिसायला लागतं. काकूंचे प्रश्न दिसेनासे होतात. मी टक्का देत नाही आणि घेत नाही. त्यामुळे काही दारं बंद झाली. त्याबद्दल मला खंत नाही.

सकाळच्या गटांमध्ये स्लिपा मोजतात. कुणी किती दिल्या, कुणी किती कामं झाली म्हणून आभार मानले. मोजल्याने शिस्त येते, हे मी मानते. लाजाळू माणूसही त्यामुळे तोंड उघडतो. पण मोजणी आली की रकाना भरण्यासाठीही नावं येऊ लागतात. आठवडा रिकामा जाऊ नये म्हणून एखादा शेजाऱ्याचा नंबर देतो. त्या शेजाऱ्याला कुणी विचारलेलं नसतं. फोन वाजल्यावर तो बुचकळ्यात पडतो. पुढच्या वेळी खरोखर गरज असली तरी तो त्या मित्राला काही सांगत नाही.

या सगळ्यात ज्याची गरज आहे तो माणूसच बोलण्यातून हरवतो. आपण त्याला लीड म्हणतो. त्याच्या घरात पाणी टपकत असतं. पलंग भिंतीपासून ओढून घेतलेला असतो. खाली बादली ठेवलेली असते. तो एका माणसावर विश्वास ठेवून दुसऱ्या, अनोळखी माणसाला दार उघडणार असतो.

पाठवणाऱ्याला पुढे काय झालं ते कळवणं, ही गोष्ट सगळ्यात सोपी आणि सगळ्यात कमी केली जाणारी. काम मिळालं की आपण मिठाई घेऊन जातो. मिळालं नाही की गप्प बसतो. त्याला वाटतं, फोन तरी केला होता का? काम मिळालं नाही तरी कळवावं. का मिळालं नाही, ते कळवावं. सभेत ठराव नव्हता, दुसऱ्याचे दर कमी होते, किंवा दुरुस्तीची गरजच नव्हती. हे ऐकून ऐकूनच पाठवणारा शिकतो. पुढच्या वेळी ठराव झालाय का, हे तोच विचारून घेतो. मी साइट बघून आले की त्याच संध्याकाळी त्याला दोन ओळी लिहिते. ग्राहकाच्या घरातली किंवा पैशांची खासगी गोष्ट त्यात नसते. तेवढं भान ठेवावं लागतं.

कधी हे कळवणं जड जातं. एका आर्किटेक्ट मित्रांनी मला एक सोसायटी दिली होती. इमारत तीस वर्षांच्या पुढे गेलेली. अशा इमारतीचं स्ट्रक्चरल ऑडिट दर तीन वर्षांनी करायचं असतं, आदर्श उपविधींत तसं आहे, आणि तिथे बरीच वर्षं ते झालं नव्हतं. मित्रांच्या मनात मोठं काम होतं. कॉलमना जॅकेटिंग, नवा दर्शनी भाग, सगळंच. त्यांनी सोसायटीला तसं बोलूनही दाखवलं होतं. आम्ही हॅमरने ठोकून पाहिलं, शंका होती तिथून काँक्रीटचे कोअर काढले, सळ्या उघड्या करून पाहिल्या. कॉलम चांगले निघाले. खराब होती ती गच्चीची पॅरापेट, दोन छज्जे, आणि पाइपांच्या डक्टची एक बाजू.

अहवाल सोसायटीचा. पैसे त्यांनी दिलेले, घर त्यांचं. मी तो आधी त्यांच्या कमिटीसमोर वाचला आणि नंतर मित्रांना फोन केला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. ‘ठीक आहे,’ म्हणाले, आणि फोन ठेवला. त्यानंतर बरेच महिने त्यांच्याकडून कुणाचं नाव आलं नाही. सकाळच्या बैठकीत भेट व्हायची, चहा व्हायचा, मुलांची चौकशी व्हायची. कामाचं बोलणं निघायचं नाही. मीही काढलं नाही.

मग एका जूनमध्ये, पहिला पाऊस पडून गेल्यावर, त्यांचा निरोप आला. मुलुंडची सोसायटी, त्यांच्या सख्ख्या मामांची. इमारतीचं साल लिहिलं होतं, मजले लिहिले होते, गळती कुठे आणि कधीपासून तेही. मामांना कमी ऐकू येतं, समोर बसून बोला, असं होतं. आणि शेवटी: ‘मी त्यांना काहीच सांगितलेलं नाही. तुम्ही बघाल आणि जे असेल ते सांगाल, एवढंच सांगितलंय.’